नादाच्या मागावर : रत्नागिरीहून सोनवड्यास

रत्नागिरीस परगांवचा पाहुणा आला म्हणजे त्यास काय काय दाखवावें हें आतां जवळजवळ ठरून गेलें आहे. सकाळीं रत्नदुर्गावर भगवतीचें दर्शन व पलीकडचें दीपगृह. नंतर टिळक आळींतील लोकमान्यांचें जन्मघर आणि पतितपावन मंदिर. तिसऱ्या प्रहरीं ब्रह्मदेशच्या थिबा राजाचा वाडा. आणि सायंकाळीं मांडवीच्या धक्क्यावर अथवा भाट्याच्या वाळूंत बसून सूर्यास्त. एवढें झालें कीं पाहुणा आंब्याची पेटी बरोबर घेऊन संतुष्ट चित्तानें परततो. या सगळ्या कार्यक्रमांत श्रम पडतात ते डोळ्यांस व पायांस. कान बिचारे मोकळेच राहतात. परंतु स्थल हें जसें पाहावयाचें असतें तसें तें ऐकावयाचेंही असतें, आणि कित्येकदां डोळ्यांपेक्षां कानांचीच आठवण अधिक चिवट ठरते. लहानपणीं सोडलेल्या घराच्या भिंतींचा रंग मनुष्य विसरतो. पण त्या घरामागच्या रहाटाची कुरकुर कोठें ऐकूं आली तर तो चालतां चालतां थबकतो.

रत्नागिरीचा कानांनीं परिचय करून घ्यावयाचा तर पहांटे मिरकरवाड्यापासून आरंभ करावा. होड्यांच्या यंत्रांची धडधड, बर्फ फोडल्याचा आवाज आणि मासळीचा लिलाव पुकारणाऱ्यांचा चढता स्वर यांनीं तें बंदर सूर्योदयापूर्वींच दुमदुमून जातें. आमच्यासारख्या वरणभातवाल्यांनीं नाकास उपरण्याचा पदर लावून कां होईना, पण एकदां तरी तेथें उभें राहावें. तेथून किल्ल्याच्या डोंगरास वळसा घातला म्हणजे एका अंगास पांढरा समुद्र व दुसऱ्या अंगास काळा समुद्र. वाळूचा रंग निराळा हें कोणीही सांगेल. परंतु खडकावर आदळणारी लाट आणि उथळ वाळूंत विरणारी लाट यांची बोली निराळी आहे, हें डोळे मिटल्याखेरीज कळत नाहीं. भाद्रपदांत जाखडीच्या नाचांतील घुंगरांचा ठेका, फाल्गुनांत शिमग्याच्या पालखीपुढील ढोल-ताशे, आणि मृगापासून हस्तापर्यंत पाऊस. या पावसाच्या आवाजांत मात्र आमच्या हयातींत मोठें अंतर पडलें. मंगळुरी कौलांवरचा पाऊस मऊ बोलतो. त्याच्या साथीनें पाढे म्हणतां येतात. पत्र्यावरचा पाऊस दुसऱ्या कोणास बोलूंच देत नाहीं. पत्र्याच्या छपराखालीं आषाढांत वर्ग घेतांना मास्तरांचा शब्द तिसऱ्या बाकापलीकडे पोंचत नाहीं, हें आम्हीं स्वतः पुष्कळ वर्षें भोगलें आहे.

हें नादपुराण लावण्याचें कारण असें कीं, नाद हेंच ज्यानें आपलें जीवितकार्य मानलें असा एक थोर कलावंत या आमच्या जुन्या जिल्ह्याच्या दक्षिण टोंकास जन्मास आला. चित्रपटांचे संगीतकार वसंत देसाई यांचा जन्म १९१२ सालच्या जून महिन्यांत कुडाळनजीकच्या सोनवडें गांवीं झाला. त्या काळीं तो मुलूख सावंतवाडी संस्थानांत मोडत असे. १९४८ सालीं संस्थान विलीन झालें आणि तो भाग रत्नागिरी जिल्ह्यास जोडला गेला. पुढें १ मे १९८१ रोजीं सिंधुदुर्ग हा स्वतंत्र जिल्हा निघाला. सरकारी नकाशांत आतां ते शेजारी झाले. परंतु एका ताटांत जेवलेल्या भावांनीं वेगळीं घरें मांडलीं म्हणून आईचें नांव बदलत नाहीं, त्याच न्यायानें आम्ही त्यांस आपल्यांतलेच मानतों.

या नांवाचा शोध घेण्यास निमित्त झालें तें एका लहान मुलीचें. शेजारची आठवींतली मुलगी ‘आपल्या भागांतील थोर व्यक्ति’ अशी एक वही शाळेसाठीं तयार करीत होती. यादींत देशभक्त होते, समाजसुधारक होते, कवि होते, न्यायाधीशही होते. संगीतकार एकही नव्हता. आम्हीं वसंत देसाई हें नांव सुचविलें व तिच्या शाळेंत रोज सकाळीं म्हटली जाणारी प्रार्थना त्यांचीच, असें सांगितलें. त्यावर ती म्हणाली, “आजोबा, ती तर लताबाईंची ना?” आम्ही म्हटलें, “गाइली लताबाईंनीं; लिहिली भरत व्यासांनीं.” तिनें पेन्सिल खालीं ठेवली आणि विचारलें, “मग यांनी काय केलं?”

प्रश्न निष्पाप होता. परंतु त्याचें उत्तर एका वाक्यांत देण्याजोगें नव्हतें. जो शब्द लिहितो त्याचें नांव छापलें जातें. जो गातो त्याचा कंठ ओळखूं येतो. ज्यानें त्या शब्दांस चाल दिली तो मात्र आपल्या कृतींत पाण्यांतल्या मिठाप्रमाणें विरघळून जातो; चव सर्वांस लागते, दृष्टीस कोणाच्याच पडत नाहीं. शार्ङ्गदेवानें तेराव्या शतकांत आपल्या महाराष्ट्रांतच, देवगिरीच्या यादवांच्या आश्रयास राहून, ‘संगीतरत्नाकर’ हा ग्रंथ रचला. त्यांत गीताच्या शब्दांगास मातु व स्वरांगास धातु अशा संज्ञा आहेत. धातूवांचून मातु गाण्यास उभी राहात नाहीं. मग धातु रचणाराचें नांवच आमच्या मुलांच्या वहींतून कां गळावें? या विचारानें आमचें मन अस्वस्थ झालें आणि त्या माणसाचा मुलूख एकदां कान उघडे ठेवून पाहावा, म्हणून आम्हीं सोनवड्याचा रस्ता धरला.

कोंकण रेल्वेचा मार्ग १९९८ सालीं पूर्ण खुला झाला, तेव्हांपासून रत्नागिरीहून कुडाळास जाणें फारच सुलभ झालें आहे. रत्नागिरी सुटून थोडें पुढें गेल्यावर पानवलचा प्रसिद्ध पूल लागतो. त्याचे खांब सुमारें ६४ मीटर उंच आहेत. पुलावर गाडी आली कीं चाकांचा आवाज एकाएकीं पातळ होतो, कारण त्यास परत पाठविणारें जवळपास कांहीं नसतें. पुढें डोंगराच्या कापलेल्या खिंडींत शिरतांच तोच आवाज दोन्हीं भिंतींवरून परतून दाट होतो, आणि बोगद्यांत तर तो आपल्या छातींतच बसतो. गाडी तीच, वेगही जवळजवळ तोच. केवळ भोंवतालची पोकळी बदलली कीं नाद बदलतो. ज्यास ध्वनिलेखनाचें मर्म समजून घ्यावयाचें असेल त्यानें ग्रंथ मिटून या मार्गानें एकदां डोळे झांकून प्रवास करावा. १९६८ सालच्या ‘आशीर्वाद’ चित्रांत अशोककुमार मुलांस आगगाडीचें एक गाणें म्हणून दाखवितात. शब्द हरींद्रनाथ चट्टोपाध्याय यांचे आणि संगीत वसंत देसायांचें. त्यांत रूढ अर्थाची चाल अशी फारशी नाहींच. बोलण्याच्या लयीवरच गाडी धांवते, स्थानकांचीं नांवें खिडकींतून मागें पडतात, आणि ऐकणाराची मान आपोआप डोलूं लागते. नाद ऐकण्याची ज्यास संवय आहे त्यालाच बोलणें आणि गाणें यांच्या सीमेवरची ही जागा सांपडते.

आमच्या समोरच्या बाकावर एक प्रौढ बाई बसल्या होत्या. त्यांनीं आपुलकीनें विचारलें, “गुरुजी, खंय उतरतलास?” आम्ही कुडाळ म्हणालों. सोनवड्यास कोणाकडे, असा पुढला प्रश्न आलाच. कोणाकडे नाहीं, एका संगीतकाराचा गांव पाहावयाचा आहे, असें सांगतांच त्या म्हणाल्या, “दशावतारातलो काय?” आम्हांस हंसूं आलें, पण त्या बाईंच्या अटकळींत बरेंच तथ्य होतें. त्या मुलखांत संगीत म्हणजे प्रथम दशावतारच. कार्तिकापासून पुढें देवळादेवळांतून जत्रा भरतात आणि रात्रभर दशावताराचा खेळ चालतो. वाद्यें मोजून तीन : पेटी, मृदंग व झांज. ना पडदा, ना देखावा, ना लिहून काढलेले संवाद. राजा आला, राक्षस आला, देवी प्रकटली, हें प्रेक्षकांस आधीं कळतें तें मृदंगाच्या बोलावरून. पात्राचें पाऊल पडण्यापूर्वीं त्याचा नाद रंगभूमीवर येतो. युद्धाचा ठेका निराळा, विलापाचा निराळा.

येथें आमच्या संस्कृत मनास भरतमुनींची आठवण झाली नसती तरच नवल. नाट्यशास्त्रांत ध्रुवा नामक गीतांचे पांच प्रकार सांगितले आहेत. पात्राच्या प्रवेशाची प्रावेशिकी, निष्क्रमणाची नैष्क्रामिकी, चालू रसांत एकाएकीं पालट करणारी आक्षेपिकी, क्षुब्ध झालेलें प्रेक्षकांचें मन पुन्हा प्रसन्न करणारी प्रासादिकी, आणि प्रयोगांत पडलेली फट भरून काढणारी अंतरा. आधुनिक लोक ज्यास चित्रपटाचें पार्श्वसंगीत म्हणतात त्याचीं एवढीं सूक्ष्म प्रयोजनें आपल्याकडे इतक्या पूर्वीं नोंदलेलीं आहेत, आणि तीं अंगणांतल्या जत्रेंत अक्षरशत्रु वादकाच्या बोटांत जिवंत आहेत! पंडितांचें शास्त्र आणि खेडुतांचा खेळ हे एकाच नदीचे दोन घाट आहेत, हें आम्हांस त्या आगगाडींत जितकें पटलें तितकें वर्गांत शिकवितांनाही पटलें नव्हतें.

कुडाळाकडून सोनवड्याच्या बाजूस जातांना पूर्वेस सह्याद्रीची निळी भिंत सतत दिसत राहते. जांभ्या दगडाचे गडगे, माड-पोफळी, भाताचीं खाचरें, मधून वाहणारा व्हाळ, आणि दुपारच्या वेळीं जिच्या योगें शांतता अधिकच जाणवते ती कवड्याची घुमणी. डोळे दिपविणारें असें तेथें कांहीं नाहीं. परंतु अशा ठिकाणीं प्रत्येक आवाज सुटा ऐकूं येतो. शहरांत नादांची गर्दी असते, तेथें ऐकणें म्हणजे निवडणें. येथें प्रत्येक नादास त्याचा अवकाश आहे, येथें ऐकणें म्हणजे ओळखणें. अशा मुलखांत जन्मलेला मुलगा पुढें मुंबईच्या कोलाहलांत राहून सुद्धां आपल्या गाण्यांतील रिकाम्या जागा भरून टाकण्याची घाई करीत नाहीं, यांत आम्हांस कांहींच आश्चर्य वाटत नाहीं.

कोंकणच्या माणसाचें दैव घाटावर किंवा मुंबईस उघडतें, हें जुनें वचन देसायांनाही लागू पडलें. १९२९ सालच्या जून महिन्यांत कोल्हापुरास दामले, फत्तेलाल, धायबर, कुलकर्णी व शांताराम या पांच जणांनीं प्रभात फिल्म कंपनी स्थापिली. त्याच वर्षीं सतरा वर्षांचा हा तरुण तेथें दाखल झाला. चित्रपट अजून मुका होता. ‘खूनी खंजर’ या १९३० च्या मूकपटांत देसायांनीं काम केलें. १९३२ सालीं ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट निघाला. त्याचें संगीत गोविंदराव टेंब्यांचें, आणि राजा हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांचीच. त्यांतही देसाई होते. पुढें टेंबे, केशवराव भोळे व मास्तर कृष्णराव या तिघांच्या हाताखालीं त्यांनीं उमेदवारी केली. पडेल तें काम करावें, गावें, वाजवावें, नकलून घ्यावें, आणि मोठ्यांचे हात कसे चालतात तें पाहावें, अशी ती गुरुकुलाची रीत होती. एका वेळीं एवढे तीन गुरु लाभणें हें भाग्यच म्हटलें पाहिजे.

त्या काळच्या ध्वनिलेखनाची कल्पना तरुण वाचकांस क्वचितच असेल. आवाजाच्या कंपनाचें विजेंत व विजेचें प्रकाशांत रूपांतर करून तो प्रकाश फिल्मच्या कडेच्या एका बारीक पट्टीवर उमटवीत. चित्र दाखवितांना त्या पट्टींतून प्रकाश जाई, त्याची पुन्हा वीज व विजेचा पुन्हा आवाज होई. प्रारंभीं तर नटनटींस कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गावें लागे आणि वादक मंडळी चौकटीच्या बाहेर दडून साथ करीत. एक चूक झाली कीं सारें मुळापासून पुन्हा. अशा शाळेंत शिकलेल्या माणसास स्वराची किंमत आणि मौनाचीही किंमत कळते. मौनाची म्हणण्याचें कारण १९३७ सालचा ‘कुंकू’. शांतारामांच्या या चित्रास संगीत होतें केशवराव भोळ्यांचें. पण त्यांत प्रसंगांच्या मागें वाजणारें पार्श्वसंगीत योजिलेलेंच नाहीं. घरांत, रस्त्यांत जे आवाज स्वभावतः असावयाचे तेवढेच. भिंतीवरचें घड्याळ टिकटिक करतें, आणि म्हाताऱ्याच्या गळ्यांत बांधल्या गेलेल्या त्या तरुण मुलीची कोंडी त्या टिकटिकींतून आपल्या अंगावर येते. चार व्हायोलिनें वाजवून जें साधलें नसतें तें एका घड्याळानें साधलें. देसाई तयार झाले ते या प्रभातमध्यें.

नाद आणि संगीत यांमधील भिंत अशा रीतीनें पाडण्याचा विचार केवळ आपल्याकडेच झाला असें नव्हे. झेकोस्लोव्हाकियांत झ्डेनेक लिश्का (१९२२–१९८३) नांवाचा एक संगीतकार होऊन गेला. पादत्राणांसाठीं जगप्रसिद्ध असलेल्या बाटा कंपनीनें आपल्या झ्लीन गांवीं जाहिरातींसाठीं चित्रपटांचें कलागृह उभारिलें होतें; तेथें त्याची उमेदवारी झाली. जाहिराती, बाहुल्यांचीं चित्रें, लघुपट, असें जें समोर येई त्यास तो संगीत देई, आणि त्या कामांत वाद्य, मनुष्याचा कंठ, वस्तूंचे आवाज व विद्युत्-यंत्रांतून निघालेले स्वर हे सर्व एकाच पंगतीस बसवी. ‘मार्केता लाझारोवा’ (१९६७) या चित्रांतील त्याच्या समूहस्वरांची आजही वाखाणणी होते. कोठें झ्लीन आणि कोठें सोनवडें! परंतु दोघांचेंही शिक्षण कलागृहाच्या कामाच्या रेट्यांत झालें, दोघांनीं दुसऱ्यांच्या चित्रांत आपलें आयुष्य ओतलें, आणि दोघांच्याही कृति ज्यांस आवडतात त्यांतील बहुतेकांस त्यांचीं नांवें ठाऊक नाहींत. पडद्यामागील नादकाराचें प्राक्तन सर्व देशांत सारखेंच दिसतें.

१९४२ सालीं शांतारामांनीं प्रभात सोडून मुंबईस परळ येथें राजकमल कलामंदिर उभारिलें. देसाई त्यांच्याबरोबर गेले. राजकमलचें पहिलें चित्र १९४३ चें ‘शकुंतला’. ज्यांनीं मूळ शाकुंतल वाचलें आहे त्यांस पांचव्या अंकाचा आरंभ आठवेल. राजा दुष्यंत आसनावर बसला आहे. आंतून कोठूनसें हंसपदिकेचें गाणें ऐकूं येतें. आणि सर्व सुख असूनही, कारण न समजतां, त्याचें मन उदास होतें. विसरलेल्या शकुंतलेची हुरहूर त्यास शब्दांनीं नव्हे, पडद्याआडच्या एका गाण्यानें लागते. पार्श्वसंगीताचें सामर्थ्य यापेक्षां सुंदर रीतीनें कोणी सांगितलें असेल असें आम्हांस वाटत नाहीं. देसायांच्या स्वतंत्र कीर्तीस ‘शकुंतला’पासून भर यावा हा योग आम्हांस अर्थपूर्ण वाटतो. त्यामागून ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ (१९४६) आलें. चीनच्या युद्धभूमीवर रुग्णसेवा करतां करतां देह ठेवणारे सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस हे त्याचे नायक.

१९५१ सालचा ‘अमर भूपाळी’ हा होनाजी बाळांच्या जीवनावरील चित्रपट. शाहिराच्या जुन्या शब्दांस देसायांनीं अशी कांहीं पहांट लावून दिली कीं, आतां ती भूपाळी दुसऱ्या कोणत्या चालीनें म्हणतां येईल ही कल्पनाच मनांत येत नाहीं. हा चित्रपट १९५२ सालीं फ्रान्समधील कान येथील महोत्सवांत दाखविला गेला. १९५३ सालीं आचार्य अत्र्यांनीं ‘श्यामची आई’ पडद्यावर आणली. साने गुरुजी आमच्या दापोली तालुक्यांतील पालगडचे. तेव्हां हें चित्र म्हणजे रत्नागिरी जिल्ह्याचें घरचेंच कार्य. राष्ट्रपतींचें सुवर्णपदक पहिल्याच वर्षीं या चित्रास मिळालें. त्याचेंही संगीत देसायांचें. त्यांतील छडीची महती गाणारें गाणें आमच्या वर्गांतील मुलें आम्ही पाठमोरे झालों कीं हमखास म्हणत. आणि खरें सांगावयाचें तर चाल इतकी गोड कीं ज्याच्या हातीं छडी आहे त्याचाही राग त्या तालांत वितळून जाई.

पुढील काळांत देसायांनीं एक मोठें कार्य केलें, तें अभिजात कलावंतांस सामान्य माणसाच्या कानांपर्यंत पोंचविण्याचें. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) मध्यें उस्ताद अमीर खाँ यांच्यासारखा धीरगंभीर गवई चित्राचें शीर्षकगीत अडाणा रागांत गातो. ज्यास त्या काळीं काश्मीरबाहेर फारसें कोणी ओळखत नसे तें संतूर, तरुण शिवकुमार शर्म्यांच्या हातून, याच चित्राच्या पार्श्वसंगीतांत प्रथम वाजलें. ‘गूँज उठी शहनाई’ (१९५९) मध्यें बिस्मिल्ला खाँ यांची सनई आहे. ज्यानें जन्मांत कधीं मैफलीचा उंबरठा ओलांडला नाहीं अशा गिरणीकामगारानें व खेड्यांतील शेतकऱ्यानें चार आण्यांत हे स्वर ऐकले. कलेचा प्रसाद असा वाटणें हें अन्नछत्र घालण्याइतकेंच पुण्याचें काम नव्हे काय?

आतां त्या प्रार्थनेकडे वळतों. ‘दो आँखें बारह हाथ’ हें चित्र १९५७ चें. औंध संस्थानांतील स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगाच्या प्रयोगावर तें आधारलेलें असून कथा ग. दि. माडगूळकरांची. बर्लिनच्या महोत्सवांत १९५८ सालीं त्याचा गौरव झाला. यांतील प्रार्थना म्हणावयाची आहे ती सहा खुनी कैद्यांच्या संगतींत. देसायांनीं भैरवी घेतली, परंतु तिचा शृंगार सगळा उतरवून ठेवला. ताना नाहींत, कठीण जागा नाहींत, श्वास पुरणार नाहीं अशी ओळ नाहीं. चाल इतकी सरळ कीं बेसूर मनुष्यही चारचौघांच्या आधारानें तींत चालूं शकतो. चौदा वर्षांनीं ‘गुड्डी’ (१९७१) मध्यें त्यांनीं शाळेंतील मुलींसाठीं दुसरी प्रार्थना रचली. शब्द गुलजारांचे, कंठ वाणी जयराम यांचा, राग केदार. आज देशांतल्या असंख्य शाळांत या दोहोंपैकीं एक तरी प्रार्थना म्हटली जाते. विद्वत्ता असून ती लपविणें, कठीण तें येत असून सोपें तेंच देणें, हजार मुलांच्या हजार प्रकारच्या गळ्यांचा विचार करून एक वाट आंखून देणें, हें त्यांनीं केलें. “यांनी काय केलं?” या प्रश्नाचें आमचें उत्तर हें आहे, आणि त्या वहींत तें याच शब्दांत नोंदलें गेलें.

संस्कृताच्या उपासकांनीं तर त्यांचें ऋण विशेष मानावयास हवें. विद्याधर गोखल्यांच्या ‘पंडितराज जगन्नाथ’ या १९६० च्या नाटकास त्यांनीं संगीत दिलें आणि गंगालहरीच्या कर्त्यास मराठी रंगभूमीवर स्वर मिळाला. १९६६ सालच्या ऑक्टोबरांत न्यूयॉर्क येथें संयुक्त राष्ट्रसंघाच्या सभागृहांत एम्. एस्. सुब्बुलक्ष्मी यांनीं ‘मैत्रीं भजत’ हें संस्कृत मंगलगीत गाइलें. रचना कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांची. स्वर बसविले वसंत देसायांनीं. सर्व राष्ट्रांनीं परस्परांशीं मैत्री धरावी, युद्ध व स्पर्धा सोडावी, असा त्याचा आशय. तमिळ देशच्या यतीचे गीर्वाण शब्द, दाक्षिणात्य गायिकेचा कंठ आणि कुडाळकडच्या माणसाचा सूर, असा त्रिवेणी संगम समुद्रापलीकडे जगाच्या दरबारांत झाला. आणि आमच्या किनाऱ्यास त्याची वार्ताही नसावी, याचा खेद वाटतो.

२२ डिसेंबर १९७५ रोजीं मुंबईंत लिफ्टच्या अपघातांत वसंत देसायांचा अंत झाला. वय अवघें त्रेसष्ट. ज्यानें आयुष्यभर ताल संभाळला त्याची सम अशी अवेळीं यावी, हें दैवाचें क्रौर्यच. त्यांच्या मागें उरलें तें सगळें हवेंत आहे. त्यास वाडा नाहीं, तट नाहीं, दीपगृह नाहीं. पाहुण्यास बोट दाखवून दाखवितां येईल असें कांहीं नाहीं. दगडाच्या स्मारकास रंग लावतां येतो, कुंपण घालतां येतें. नादाच्या स्मारकास ऐकणाराखेरीज दुसरा रखवालदार नसतो. कौलें गेलीं, रहाट गेले, आणि त्यांच्याबरोबर ते नादही गेले. कोणी ते ऐकून ठेवले नाहींत. रचलेल्या नादांची गोष्ट त्याहून थोडी बरी आहे, कारण ते पट्टीवर उमटलेले आहेत. पण रचणाराचें नांव त्या पट्टीवर उमटत नाहीं. तें माणसांनींच तोंडानें पुढें चालवावें लागतें.

म्हणून शिक्षकबंधूंस व घरोघरच्या मातांस आमची एक विनंती आहे. सकाळीं मुलें प्रार्थनेस उभीं राहतील तेव्हां आरंभीं तीन नांवें घ्यावींत : शब्द कोणाचे, स्वर कोणाचे, आणि प्रथम गाइलें कोणीं. यास फार तर अर्धा पळ लागेल. आपण गोत्राचा उच्चार करतांना ऋषींचीं नांवें घेतों, वेदमंत्र म्हणतांना ऋषि, छंद व देवता यांचें स्मरण करतों; त्या परंपरेंतलीच ही रीत आहे. आणि सुट्टींत कधीं कुडाळाकडे जाणें झालें, तर कार्तिकानंतरच्या एखाद्या जत्रेची रात्र साधावी. अंगणांत घोंगडी पसरून मागें बसावें, आणि मृदंगावर पहिली थाप पडली कीं राजा दिसण्याची वाट न पाहतां डोळे मिटून घ्यावेत.